एका गायिकेचा रंगभूमीनिरोप

मागें एका अंकांत पाश्चात्य संगीतनाटकासंबंधानें आम्हीं चार ओळी लिहिल्या होत्या. त्या वाचून एका भगिनींनीं आम्हांस कळविलें कीं, आम्हीं सुचविलेली तबकडी त्यांनीं मोठ्या हौसेनें घरीं लावली. पण दोन मिनिटें होतात न होतात तोंच सासूबाई हातांत जपाची माळ घेऊन देवघरांतून बाहेर आल्या व 'कोणाला काय झालें गं?' म्हणून विचारूं लागल्या. पत्र वाचून आम्हांस हसूं आलें; परंतु सासूबाईंचें चुकलें असें मात्र आम्हांस म्हणवत नाहीं. तंबोऱ्याच्या नादांत वाढलेल्या कानांस तो आवाज प्रथम किंकाळीसारखाच वाटतो. आम्हांसहि तो पहिल्यानें तसाच वाटला होता. तो तसा कां असतो, आणि तो काढणाऱ्या बाईला त्यासाठीं काय मोजावें लागतें, हें एका हयात गायिकेच्या चरित्रावरून सांगावें असें आम्हीं या खेपेस योजिलें आहे.

गायिकेचें नांव नाताली देसे. नांव ऐकून ही कोणा देसायांची लेक असावी असें एखाद्यास वाटेल. पण बाई अस्सल फ्रेंच. जन्म १९६५ सालीं लियों शहरीं, बालपण बोर्दो येथें गेलें. फ्रेंच लेखनपद्धतीप्रमाणें तिच्या नांवांत एक उच्चार नसलेला 'ह' होता. नॅटली वुड या अमेरिकन चित्रपटनटीवर हिची भक्ति. म्हणून तिच्यासारखेंच आपलें नांव लिहितां यावें यासाठीं हिनें तो 'ह' काढून टाकला. गोष्ट क्षुल्लक खरी. पण आराध्यदैवत म्हणून निवडली ती नटी, गायिका नव्हे, हें वाचकांनीं ध्यानांत ठेवावें. नातालीला आधीं नर्तकी व्हावयाचें होतें, मग नटी. नाट्यकलेचे धडे घेत असतां आपला गळा असामान्य आहे असा तिला शोध लागला व ती संगीताकडे वळली. म्हणजे गाणें तिच्या आयुष्यांत पाहुण्यासारखें आलें आणि सारें घर बळकावून बसलें. तुलूझ येथील नाट्यगृहाच्या समूहगायकांत तिनें प्रथम उमेदवारी केली, पॅरिसच्या सरकारी संगीतनाट्यगृहाच्या शाळेंत एक वर्ष काढलें, आणि १९९० सालीं व्हिएन्ना येथें मोत्सार्टच्या नांवें भरलेल्या स्पर्धेंत पहिलें बक्षीस मिळविलें. येथून पुढें तिला वाट पाहावी लागली नाहीं.

आतां त्या आवाजाविषयीं. पाश्चात्य संगीतनाटकांत कंठांच्या जाती ठरलेल्या असतात व भूमिका त्या जातींप्रमाणें वांटल्या जातात. स्त्रीकंठाची सर्वांत उंच जात ती सोप्रानो. आणि तींतहि ज्या गळ्यास अतितार सप्तकांत तानापलट्यांचीं कारंजीं उडवितां येतात त्यास कोलोरातुरा म्हणतात. नाताली या पोटजातीची. मोत्सार्टच्या 'जादूची बांसरी' या नाटकांत रात्रीच्या राणीच्या तोंडीं जें प्रसिद्ध गाणें आहे त्यांतील शेंड्याचा स्वर आपल्या भाषेंत सांगावयाचा तर असा : पेटीवरील पांढरी एक हा मध्य षड्ज धरावा, एक सप्तक चढून तार षड्ज, आणखी एक सप्तक चढून अतितार षड्ज, आणि त्याच्याहि वर शुद्ध मध्यम! या स्वरावर गळ्यांतील स्वरतंतु सेकंदास सुमारें १४०० वेळां कंप पावतात. मोत्सार्टच्याच एका सुट्या गीतांत याच्याहि वरचा पंचम आहे. तोहि नातालीनें ध्वनिमुद्रित करून ठेविला आहे. आणि रंगभूमीवर हें सारें ध्वनिवर्धकाशिवाय चालतें. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन नाट्यगृहांत साडेतीन हजारांहून अधिक श्रोते बसतात. समोर पन्नास-साठ वाद्यें वाजत असतात. त्या सर्वांच्या डोक्यावरून तो आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोंचला पाहिजे. किंकाळी वाटते ती यामुळें. घराच्या बैठकींत ती तबकडी लावणें म्हणजे तोफ अंगणांत आणून डागण्यासारखें आहे.

दुसरी एक गोष्ट आम्हांस याहून महत्त्वाची वाटते. आपल्याकडे गायिकेचें वय वाढलें कीं ती पट्टी उतरविते. काळी चारांत गाणारी बाई साठीच्या घरांत आली कीं काळी तीनांत गाऊं लागते. कोणी तक्रार करीत नाहीं, उलट आवाजाला वजन आलें म्हणून जाणते लोक मान डोलवितात. षड्ज गाणाराचा असतो. तिकडे षड्ज संगीतकाराचा आहे. त्यानें दोनशें वर्षांपूर्वीं कागदावर जो स्वर लिहून ठेविला तोच विसाव्या वर्षीं आणि तोच पन्नासाव्या वर्षीं लागला पाहिजे. क्वचित् एखादें गाणें अर्धा स्वर उतरवून घेतात. पण तें जाणत्यांच्या लगेच लक्षांत येतें व त्याची कुजबूज होते. सबब तिकडील उंच गळ्याच्या गायिकेचें आयुष्य आपल्या गवयासारखें नसून खेळाडूसारखें असतें.

१९९२ सालीं पॅरिसच्या बास्तीय नाट्यगृहांत नाताली ओफेनबाखच्या 'होफमनच्या कथा' या नाटकांत ओलिंपिया झाली आणि एका रात्रींत तिचें नांव सर्वतोमुखीं झालें. ओलिंपिया ही किल्लीची बाहुली आहे. नायक तिला खरी मुलगी समजून तिच्यावर भाळतो. ती गाऊं लागते, मध्येंच किल्ली संपते, मान खालीं पडते. मागून कोणी किल्ली देतो, पुन्हां तान तेथूनच चालूं होते. नातालीनें या बाहुलीस असें कांहीं हास्य व करुण एकत्र दिलें कीं, ठिकठिकाणचीं नाट्यगृहें तिच्याकडे ओलिंपियाच मागूं लागलीं. १९९३ च्या डिसेंबरांत व्हिएन्नास ऐन वेळीं दुसऱ्या गायिकेच्या जागीं तिला ओलिंपिया करावी लागली; नायक होता प्लासिदो दोमिंगो. पुढच्याच वर्षीं न्यूयॉर्कनें तिला बोलाविलें. मग रिखार्ड स्ट्राउसची त्सेर्बिनेत्ता : हिचें एक गाणें दहा मिनिटांहून अधिक चालतें व त्यांत दम घेण्यास जागा शोधावी लागते. ज्या मुलीस नटी व्हावयाचें होतें ती जगांतील सर्वांत मागणी असलेली गाणारी बाहुली झाली. तिची कीर्ति वाढत होती तरी तिला हें बोचत असे. मुलाखतींतून तिनें तें लपविलेलें नाहीं.

येथें आमच्या वाचकांस विशेष जिव्हाळ्याची अशी एक भूमिका सांगितली पाहिजे. १९९५ सालीं पॅरिसच्या ओपेरा-कोमिक नाट्यगृहांत नाताली लाक्मे झाली, व पुढें १९९८ सालीं तिची संपूर्ण तबकडीहि निघाली. हें देलीबचें नाटक त्याच नाट्यगृहांत १४ एप्रिल १८८३ रोजीं प्रथम झालें. म्हणजे अण्णासाहेब किर्लोस्कर 'सौभद्रा'ची पदें बसवीत होते त्याच सुमारास तिकडे पॅरिसांत एक ब्राह्मणकन्या रंगभूमीवर गात होती. लाक्मे ही नीलकंठ नामक ब्राह्मणाची मुलगी (लक्ष्मीचें हें फ्रेंच रूप असावें). एक इंग्रज अधिकारी कुंपण मोडून यांच्या पवित्र बागेंत शिरतो, दोघांचें प्रेम जमतें, बाप संतापतो. अपराधी ओळखूं यावा म्हणून तो मुलीस भर बाजारांत गावयास लावतो. तेंच तें प्रसिद्ध घंटागीत. त्यांत एक अंत्यज मुलगी रानांत चुकलेल्या वाटसरूस घुंगुरांच्या नादानें श्वापदांपासून वांचविते आणि तो वाटसरू प्रत्यक्ष विष्णु, 'ब्रह्मदेवाचा पुत्र', निघतो! आमच्या घरांतील दहा वर्षांचें पोरहि हा पितापुत्रसंबंध ऐकून पुराण उघडून दाखवील. परंतु फ्रेंच कवींच्या पुराणज्ञानाकडे काणाडोळा केला तर प्रसंग विलक्षण आहे. बापाच्या हुकमानें मुलगी गाते, आणि जितकें गोड गाते तितका आपल्या प्रियकराचा घात जवळ आणते. बहुतेक गायिका येथें घंटांचा किणकिणाट करून टाळ्या घेतात. नातालीच्या मुद्रणांत ती मुलगी भ्यालेली आहे हें ऐकूं येतें. अखेरीस लाक्मे धोत्र्याचें पान खाऊन प्राण देते. कथानकांत आमच्या समाजाचें चित्र हास्यास्पद आहे हें खरें. परंतु ते शेवटचे मंद स्वर ऐकतांना आम्हांस त्याचा विसर पडला, हें कबूल केलें पाहिजे.

तिचे यजमान लोराँ नाऊरी हेहि गायकच, आवाज मध्यम-खर्जाचा. १९९७ सालीं लियों येथें ओफेनबाखच्या एका प्रहसनांत दोघें एकत्र होतीं. देवराज ज्युपिटर माशीचें रूप घेऊन युरिडिसीच्या खोलींत शिरतो, आणि दोघांचें भुणभुणण्याचें युगुलगीत होतें. माशी अर्थातच यजमान! ती चित्रफीत आम्हीं मुलांबाळांसह पाहिली व पोट धरून हंसलों. दोघांस दोन मुलें झालीं. गांवोगांवचे खेळ, मुलें आणि गळा अशी तिहेरी कसरत बाईंनीं वर्षानुवर्षें केली.

२००१-०२ च्या हंगामांत व्हिएन्नास 'निद्राभ्रमणी' या बेल्लिनीच्या नाटकाचे खेळ चालू असतां गळ्यानें असहकार पुकारला. ठरलेले बहुतेक खेळ रद्द करावे लागले. मग लंडनचेहि सोडून द्यावे लागले. तपासणींत एका स्वरतंतूवर दोष आढळला. या तंतूंची लांबी ती काय, स्त्रीच्या गळ्यांत बोटाच्या पेराहूनहि कमी. त्यावर जोंधळ्याच्या दाण्याएवढी गांठ आली तरी दोन तंतु नीट मिटत नाहींत, मधून वारा निसटतो आणि उंच स्वर फाटतो. वाद्याची तार तुटली तर नवी चढवितां येते. येथें तें नाहीं. शस्त्रक्रिया झाली. अशा शस्त्रक्रियेनंतर प्रथम कांहीं दिवस पूर्ण मौन, मग हलकें बोलणें, मग गुणगुणणें, आणि अनेक आठवड्यांनंतर सप्तक, अशा पायऱ्यांनीं चढावें लागतें. १९९२ सालीं जिनें पॅरिस जिंकलें तिला आतां लहान मुलीसारखें सारेगम गिरवावयाचें होतें. २००३ च्या फेब्रुवारींत पॅरिसच्या एका जलशांत ती परत आली. पण त्रास पुन्हां उद्भवला व २००४ च्या नोव्हेंबरांत दुसरी शस्त्रक्रिया करावी लागली.

प्रसंगानें सांगतों : हल्लीं आपल्याकडे स्पर्धांच्या हौसेनें आठ-दहा वर्षांच्या मुलींना त्यांच्या गळ्याला न पेलणाऱ्या पट्टींत ओरडावयास लावतात आणि आवाज बसला कीं ज्येष्ठमधाची कांडी तोंडांत देऊन पुन्हां उभ्या करतात. पंधरवडाभर टिकणारा घोगरेपणा हा घशाच्या डॉक्टरास दाखविण्याचा विषय आहे, हें आईबापांनीं विसरूं नये.

दोन वेळां शस्त्र लागलेल्या गळ्यावर लोकांचा भरंवसा राहत नाहीं. पण नातालीचें खरें वैभव यानंतरचेंच आहे. २००५ सालीं न्यूयॉर्कला ती ज्यूलिएत झाली. २००७ च्या जानेवारींत लंडनला तिनें दोनिझेत्तीची 'पलटणीची पोर' केली. एका पलटणींत शिपायांनीं वाढविलेली मुलगी. दिग्दर्शक लोराँ पेली. नाताली यांत इस्त्रीच्या कपड्यांचा ढीग उपसते, बटाटे सोलते, पाय आपटते आणि त्या कामाच्या तालावर ताना घेते. तान हा दागिना नसून त्या पोरीचा हट्ट आहे असें वाटतें. टाळ्यांचा मोठा वांटा त्या नाटकांत तिच्याबरोबरच्या हुआन दियेगो फ्लोरेस या तरुण गायकाकडे जातो, कारण त्याच्या गाण्यांत नऊ वेळां तार षड्ज आहे. तरी आमचे डोळे त्या बटाटे सोलणाऱ्या हातांवरून हलले नाहींत. त्याच वर्षीं २४ सप्टेंबर रोजीं मेट्रोपॉलिटनचा हंगाम तिच्या 'लूचिया'नें उघडला. मनाविरुद्ध लग्न लावलेली मुलगी पहिल्याच रात्रीं नवऱ्याचा खून करते आणि रक्तानें भरलेल्या वस्त्रांनिशीं वऱ्हाडी मंडळींसमोर येऊन वेड्यासारखी गाते. या प्रवेशांत शोभेच्या ताना किती आणि भ्रमिष्टाचें बोलणें किती हा जुना वाद आहे. नातालीनें तो आमच्यापुरता मिटविला. जिला गाणारी बाहुली म्हणून बोलावीत त्या बाईनें अखेर नटी होऊन दाखविलें, आणि तेंहि जखमी गळ्यानें.

पण आंकडे कोणास चुकत नाहींत. २०१० सालीं मेट्रोपॉलिटननें तोमाचें 'हॅम्लेट' मुख्यतः तिच्यासाठीं पुन्हां उभें केलें; पहिल्या खेळाला थोडे दिवस उरले असतां तिला आजारामुळें माघार घ्यावी लागली. तिचा जीव लागला होता तो 'त्राव्हियाता'तील व्हियोलेत्तावर. क्षयानें मरणारी ती स्त्री रंगविण्यास नटीच पाहिजे. परंतु व्हेर्दीनें ती लिहिली आहे नातालीच्या जातीहून जड गळ्यासाठीं. २००९ सालीं सांता फे येथें, २०११ सालीं एक्स येथें तिनें ही भूमिका केली. एक्सच्या तालमींची एक चित्रफीत निघालेली आहे. नाटकापेक्षां ती आम्हांस अधिक मोलाची वाटली. दिग्दर्शक एखादी शंका काढतो, ती हंसत ऐकते, पुन्हां करून पाहते. मरून कोसळण्याची तालीम पुन्हां पुन्हां होते, प्रत्येक वेळीं ती निराळी कोसळते. २०१२ सालीं न्यूयॉर्कला मात्र पहिल्याच रात्रीं प्रकृतीमुळें तिला गातां आलें नाहीं. दुसऱ्या गायिकेनें वेळ निभावली. नंतर ती उभी राहिली. परंतु टीकाकारांनीं आवाज अपुरा पडतो असें लिहिलें. आमच्या मतें टीकाकारांचें म्हणणें कानापुरतें बरोबर होतें.

२०१३ च्या एप्रिलांत तिनें तेथेंच हेंडेलची क्लिओपात्रा केली. त्या नाटकांतील नाचांत दिग्दर्शकानें मुंबईच्या चित्रपटांतील ठेका व हातवारे आणले आहेत. अठ्ठेचाळीस वर्षांची क्लिओपात्रा कंबर लचकावीत ताना घेते. आणि त्याच वर्षाच्या ऑक्टोबरांत तिनें मासनेची 'मानों' करून संगीतनाटकाचा निरोप घेतला. ठिकाण न्यूयॉर्क नव्हे, पॅरिसहि नव्हे, तुलूझ. जेथें समूहांत उभें राहून तिनें आरंभ केला तेंच नाट्यगृह.

यावर दोन पक्ष आहेत. एक म्हणतो, बाईंनीं घाई केली. हलक्या भूमिका निवडून आणखी दहा वर्षें सहज काढतां आलीं असतीं. आमच्या ओळखीच्या एका वृद्ध संगीतप्रेमी गृहस्थांनीं बालगंधर्वांचा दाखला दिला. उतारवयांतहि ते शालू नेसून उभे राहत, आणि लोक पाहत ते समोरच्या माणसास नव्हे तर आपल्या आठवणींतील रुक्मिणीस. हें आम्हांस मान्य आहे, व त्या प्रेमाची आम्ही थट्टा करणार नाहीं. परंतु तो सौदा प्रेक्षकांस सोयीचा असतो. रंगभूमीवर उभ्या राहणाऱ्या कलावंतास आतून काय वाटत असेल हें आपण कधीं विचारलें नाहीं. नातालीचें म्हणणें साधें होतें : पन्नाशीला टेकल्यावर सोळा वर्षांच्या मुलीचीं सोंगें करणें तिला नकोसें झालें होतें, आणि तिच्या गळ्याच्या जातीसाठीं संगीतकारांनीं दुसरें कांहीं लिहून ठेविलेलेंच नाहीं. गळा थकला म्हणून ती गेली हें अर्धें खरें. भूमिका तिच्यासाठीं लहान पडूं लागल्या होत्या हें उरलेलें अर्धें. आम्ही तिच्या बाजूचे आहों, जरी तिची आणखी एक लूचिया पाहावयास मिळाली असती तर आम्हांस नको होती असें नाहीं.

आणि ती घरीं बसली नाहीं. संगीतकार मिशेल लग्राँ यांच्याबरोबर तिनें त्यांचीं चित्रपटगीतें गाइलीं. २०१५ सालीं तूर येथें हॉवर्ड बार्कर यांचें गाणें नसलेलें नाटक एकटीनें केलें, म्हणजे तिशी उलटण्यापूर्वीं जें व्हावयाचें राहिलें तें पन्नासाव्या वर्षीं झालें. २०१६ सालीं पॅरिसच्या शातले नाट्यगृहांत सोंडहाइम यांच्या 'पॅशन' नाटकांत ती फोस्का झाली : कुरूप, आजारी, हट्टी स्त्री. अशी भूमिका कोलोरातुरा गायिकेच्या वांट्यास जन्मांत येत नाहीं. येथें ध्वनिवर्धक असतो. स्वर भिंतीपर्यंत फेंकावा लागत नाहीं. २०२५ सालीं पॅरिसांत तिनें 'जिप्सी' या अमेरिकन संगीतनाटकांतील आई केली. मुलींना नाचगाण्याच्या धंद्यांत ढकलणारी, स्वतः मात्र पडद्याआड राहिलेली ही आई. आणि तिच्या मुलीच्या भूमिकेंत रंगभूमीवर तिचीच पोटची मुलगी होती. दिग्दर्शक तोच पलटणीच्या पोरीचा पेली.

ज्या भगिनींच्या पत्रानें आम्हीं आरंभ केला त्यांस एक सूचना. सासूबाईंना घंटागीत इतक्यांत ऐकवूं नये. नातालीनें २०१२ सालीं फिलिप कासार या पियानोवादकाबरोबर देब्युसीचीं गीतें ध्वनिमुद्रित केलीं आहेत. तीं हलक्या आवाजांत, दिवेलागणीनंतर लावावीं. तीं रुचलीं तर पुढच्या महिन्यांत लाक्मे. धोत्र्याचा प्रसंग मात्र आधींच सांगून ठेवावा, म्हणजे पुन्हां माळ टाकून धांवत येण्याची पाळी यावयाची नाहीं.